घडी

माझा कोट मोठा होता, एवढीच माझी पात्रता.
हाल्ले गावच्या बेकरीत उमेदवारी करणारा पोरगा मी,
कोट मेलेल्या मामाचा, रेल्वेखात्याचा,
आत दोन माणसं सहज मावतील असा.
गेर्लिंडे म्हणाली, ये. बोलू नकोस. कोट आण.

मे महिना, तरी तळघरात कोळशाचा गारठा.
उपड्या क्रेटांवर चाळीसेक माणसं,
त्यातले एक-दोन लिहून घेणारे.
आम्ही त्यांनाही सरकून जागा दिली.

कॅमेरा रशियन, किल्लीचा.
किल्ली दिली की अर्धा मिनिट शिवणयंत्रासारखा धडधडायचा,
मग धाप लागल्यासारखा गप्प.
ऐकणं त्याच्या नशिबातच नव्हतं.
रीळ निम्मं संपलं की अंधारात उलटावं लागे
आणि अंधार पुरवायचा मी:
बटणं लावलेला कोट मांडीवर, कॉलर माझ्या मुठीत आवळलेली,
बाह्यांतून उलटे शिरलेले तिचे हात
आत काहीतरी चाचपत,
आणि ती छताकडे बघत, ओठ चावत, आकडे मोजत.

मार्लिस मधोमध उभी. हातात कोरा कागद.
त्या रविवारी मतदान होतं.
आमच्याकडे मत द्यायला जात नसत, घडी घालायला जात.
यादी घ्या, दुमडा, पेटीत टाका.
पेन मागणाऱ्याकडे टेबलामागची बाई
चष्म्यावरून बघायची.

मार्लिसने एक घडी घातली. थांबली.
दुसरी.
कुणीतरी खोकलं, कुणीतरी खोकल्याला हसलं.
चौथीपर्यंत कुणी हसेना.
सहावी तिने टाचेखाली दाबली, सातवी दातांत,
आठवी होईचना.
मग ती चार-पाच शब्द बोलली
आणि कागद तोंडात घालून चावत राहिली
शिळ्या पावासारखा. पावातलं मला कळतं.

गेर्लिंडेने नेमकी तीच घडी पकडली.
शब्द मात्र धडधडीत गेले.

दुसऱ्या दिवशी जितकी तोंडं तितकी वाक्यं.
कुणाच्या मते, "ही माझी सही."
कुणाच्या मते, "आता भूक लागली."
सरकारी फाइलीत, पुढे उघडली तेव्हा, एवढंच:
उद्गार राज्यविरोधी, अस्पष्ट.
मार्लिसला विचारायचं राहून गेलं.
ती ब्रेमेनला गेली, आणि तिथेच गेली.

तीस वर्षांनी, संग्रहालयात, पांढऱ्या भिंतीवर साडेसहा मिनिटं.
गेर्लिंडे आता काठी घेऊन.
तिसऱ्या रांगेत फ्राउ ब्रेटश्नायडर, जन्मापासून बहिऱ्या,
त्यांनी हात वर केला, बोटं भराभर चालली,
आणि शेजारच्या मुलाने त्यांचं बोलणं
लाजत मोठ्याने सांगितलं:
त्या बाई म्हणताहेत,
माझी इस्त्री चालू राहिलीय, कुणीतरी जा.

सभागृह खदखदलं. मीही.
गेर्लिंडे हसली नाही.
पुन्हा लावा, म्हणाली. इथे थांबवा. मागे.

मार्लिसच्या खांद्यामागे, डाव्या कोपऱ्यात,
पहिल्या रिळात गुडघ्यावर वही घेतलेला माणूस.
कोटानंतरच्या रिळात नुसतं क्रेट.
आणि अगदी शेवटी, टाळ्या वाजताना,
तोच माणूस, घामाघूम, टोपी हातात.

इस्त्रीचं मार्लिसने मला सांगितलं होतं एकदा,
बेकरीच्या रांगेत, दोन पाव घेताना:
धावत घरी गेले रे, तर प्लग काढलेला,
वायर नीट गुंडाळलेली.
देवाला हात जोडले, म्हणाली,
मानत नाही तरी.

तिचं वाक्य फक्त त्यालाच ऐकू आलं होतं.
एक-एक शब्द ऐकायचाच पगार होता त्याला.
घर तिसऱ्या मजल्यावर, दाराला दोन कुलपं.

त्याच्याकडे किल्ल्या होत्या.

मुलाने विचारलं, वाक्य खाली लिहायचं का, पडद्यावर?
गेर्लिंडे बराच वेळ त्या रिकाम्या क्रेटाकडे बघत राहिली.
मग माझ्याकडे वळून म्हणाली,
तो कोट आहे का रे अजून?
थंडी वाजतेय.